मिया कोतो: युद्ध, समुद्र आणि सुरेंद्रचं दुकान

दर्यावर्दी:

पोर्तुगीज कादंबरीकार म्हटलं की आपल्याकडची गाडी सारामागुपाशी येऊन थांबते. नोबेल मिळालेला माणूस, इंग्रजी भाषांतरं सहज मिळतात, तेव्हा ते साहजिकच. पण आज पोर्तुगीजमध्ये लिहिणारे कितीतरी बडे लेखक पोर्तुगालचे नाहीत. त्यातला एक तर आपल्याच समुद्राच्या पलीकडच्या काठावर राहतो. मोझांबिकचा मिया कोतो. इथे त्याच्यावर एकही धागा सापडला नाही, म्हणून हा काढतोय.

खरं नाव आंतोनियु एमिलियु लैत कोतो. जन्म ५ जुलै १९५५, बैरा शहरात. आईवडील पोर्तुगालहून येऊन स्थायिक झालेले, वडील फेर्नांदु कोतो स्वतः कवी आणि पत्रकार. ‘मिया’ हे नाव पोराने लहानपणी स्वतःच घेतलं, मांजरांच्या नादाने. त्यांच्याबरोबर खायचा, त्यांच्यात झोपायचा. परिणाम असा की ज्यांनी फोटो पाहिलेला नसतो ते हमखास बाई समजतात, आणि देश मोझांबिक म्हटल्यावर काळी बाई. प्रत्यक्षात समोर येतो दाढीवाला गोरा बुवा.

बैरा मला थोडं माहीत आहे, जहाजावर असताना जाणं झालंय. पुंग्वे नदीच्या मुखाशी दलदलीत उठवलेलं शहर. गाळ इतका की ड्रेजरला उसंत नाही, आणि मोठ्या भरती-ओहोटीत पाणी सहा मीटरच्या वर चढतं-उतरतं. पोर्तुगीजांना तिथे गोऱ्यांचं शहर आणि काळ्यांची वस्ती अशी साफ रेघ ओढायची होती. मिया कोतो सांगतो की दलदलीने ती रेघ नीट ओढूच दिली नाही, रस्ता ओलांडला की दुसरं जग सुरू व्हायचं. त्यामुळे घरात पोर्तुगीज आणि अंगणाबाहेर आफ्रिकन भाषा, दोन्हींतल्या गोष्टी ऐकत पोरगा वाढला.

चौदाव्या वर्षी कविता छापून आल्या. सत्तरीच्या सुरुवातीला वैद्यकीय शिक्षणासाठी राजधानीत गेला (तेव्हा लोरेंसु मार्किश, आताचं मापुतो) आणि तिथे फ्रेलिमोच्या, म्हणजे स्वातंत्र्य चळवळीच्या, संपर्कात आला. तो एक किस्सा सांगतो. भरतीच्या गुप्त बैठकीत प्रत्येकाला आपण काय सोसलं ते सांगायचं होतं. याच्याकडे सांगण्यासारखं काही नव्हतं. तेवढ्यात कुणीतरी विचारलं, पेपरात कविता लिहितो तो तूच का? हो म्हटल्यावर घेतलं. एप्रिल १९७४मध्ये लिस्बनमधली हुकूमशाही कोसळली तेव्हा फ्रेलिमोने त्याला शिक्षण सोडून वर्तमानपत्रात शिरायला सांगितलं. पुढे सरकारी वृत्तसंस्थेचा संचालक, मग ‘तेंपु’ साप्ताहिक, मग ‘नोतिसियश’ दैनिक. १९८५मध्ये हे सगळं सोडून पठ्ठ्या परत विद्यापीठात गेला, जीवशास्त्र शिकायला! पोटापाण्याचा व्यवसाय तोच राहिला, पर्यावरणावरच्या परिणामांचे अभ्यास.

हे इतकं सांगण्याचं कारण असं. जगभरचे समीक्षक त्याच्यावर ‘जादुई वास्तववाद’ असा शिक्का मारून मोकळे होतात आणि लॅटिन अमेरिकेच्या फडताळात ठेवून देतात. मला हे साफ चुकीचं वाटतं. मोझांबिकमध्ये १९७७ ते १९९२ यादवी चालली, सुमारे दहा लाख माणसं गेली. त्यातली बरीच वर्षं हा बातमीदार होता. नंतर रानोमाळ फिरून प्राणी, झाडं, माणसं मोजणारा झाला. त्याच्या पुस्तकातल्या ‘चमत्कारां’खाली खरवडून पाहिलं तर बहुतेक वेळा एखादी नोंद सापडते.

पहिली कादंबरी ‘तेरा सोनांबुला’, झोपेत चालणारी भूमी, १९९२ची. त्याच वर्षी ४ ऑक्टोबरला रोममध्ये शांतता करार झाला. सुरुवातीलाच युद्धाने एक रस्ता ठार मारलेला आहे. त्यावर जळून गेलेली एक बस. तुआहीर नावाचा म्हातारा आणि मुइदिंगा नावाचा पोरगा तिच्यात आसरा घेतात. आतली जळालेली प्रेतं बाहेर काढून पुरतात. बसजवळ गोळी लागून पडलेल्या एका माणसाच्या पेटीत वह्या सापडतात. पोरगा रोज रात्री म्हाताऱ्याला त्या वाचून दाखवतो, आणि सकाळी उठून पाहावं तर बसच्या खिडकीबाहेरचा देखावा बदललेला. बस जागची हललेली नाही.

वह्या किंद्झु नावाच्या तरुणाच्या. त्याच्या धाकट्या भावाचं नावच ‘पंचवीस जून’, कारण २५ जून १९७५ हा स्वातंत्र्यदिन. लाडाने जुन्यितु. युद्ध गावाच्या वेशीवर येतं तेव्हा बापाला स्वप्नात कळतं की पोरांपैकी एक मरणार. मग हा जुन्यितुला कोंबड्यांच्या खुराड्यात ठेवतो. अंगावर पिसं, तोंडाने आरवायचं, रात्री बाहेर यायचं नाही. मारेकरी आले तर त्यांना कोंबडं वाटावं. आई लपूनछपून खुराड्यापाशी जाते. एका सकाळी खुराडं रिकामं. स्वातंत्र्याचं नाव ठेवलेलं पोर असं नाहीसं होतं, आणि लेखक त्यावर एका शब्दाचंही भाष्य करत नाही.

आता आपल्या कामाची गोष्ट. त्याच गावात सुरेंद्र वाला नावाचा हिंदी, म्हणजे भारतीय वंशाचा, दुकानदार आहे. किंद्झु त्याच्या दुकानात पडीक असतो. घरच्यांना हे पसंत नाही, गावाला तर अजिबात नाही. सुरेंद्रची बायको अस्मा दिवसभर रेडिओशी कान लावून बसलेली. कुठलंही स्टेशन लागलेलं नाही, नुसती खरखर. तिला त्यात देश ऐकू येतो. सुरेंद्र समुद्राकडे बोट दाखवून किंद्झुला म्हणतो की आपण दोघं एकाच जातीचे, हिंदी महासागराचे. पुढे लुटालूट होते, दुकान पेटतं, सुरेंद्र निघून जातो.

आफ्रिकेतल्या हिंदी दुकानदारावर इतक्या आपुलकीने, तरीही त्याला संत न करता लिहिलेलं मी दुसरीकडे कुठे वाचलं नाही. कुणी वाचलंय का हे? नसेल तर वाचा, आणि वाचलं असेल तर भांडायला या.

(ता.क. इंग्रजी भाषांतरं बहुतेक डेव्हिड ब्रुकशॉ यांची आहेत. ‘स्लीपवॉकिंग लँड’ या नावाने शोधा.)

---

नवखा_वाचक:

मस्त धागा! वाचनखूण साठवली आहे. खुराड्याचं वाचून अंगावर काटा आला. एकच प्रश्न, सुरुवात याच पुस्तकापासून करू का? आफ्रिकन साहित्यात माझी मजल अचेबेपर्यंतच.

---

तिरशिंगराव:

धागाकर्त्याचा उत्साह कळला, पण मला हे प्रकरण पचलेलं नाही. दोन पुस्तकं वाचली आहेत. दर दोन पानांनी एक सुभाषित. म्हातारा बोलला की सुभाषित, म्हातारी बोलली की सुभाषित, शेळी बोलली असती तर तिनेही सुभाषितच टाकलं असतं. खेड्यातली माणसं अशी बोलत नाहीत, ना मोझांबिकची ना मराठवाड्याची.

दुसरं, हा गोरा लेखक काळ्यांच्या समजुती, भुतंखेतं, पूर्वज वगैरे युरोपच्या बाजारात नेऊन विकतो, असं मोझांबिकमध्येही काही लोक म्हणतातच की. पोर्तुगीज साहित्यातला सगळ्यात मोठा कामोंइश पुरस्कार (२०१३), नॉयस्टाट (२०१४), बुकर आंतरराष्ट्रीयच्या अंतिम यादीत (२०१५), ग्वादालाहारा (२०२४). बक्षिसं रांगेने. त्याच देशात पावलीना शिझियानी आहे, मोझांबिकमध्ये कादंबरी छापलेली पहिली बाई, १९९०. तिला कामोंइश मिळायला २०२१ उजाडलं. ‘निकेचे’ वाचा तिचं. नवऱ्याच्या बाकीच्या बायका शोधत देशभर फिरणारी आणि मग त्या सगळ्यांना एकत्र करून नवऱ्यालाच कोंडीत पकडणारी बाई. तिथे सुभाषितं नाहीत, भांडणं आहेत.

---

दर्यावर्दी:

@नवखा_वाचक, ‘तेरा सोनांबुला’ जड जाईल असं वाटलं तर ‘अंडर द फ्रांजिपानी’ घ्या. लहान आहे आणि खुनाचा तपास आहे.

@तिरशिंगराव, शिझियानीबद्दल पूर्ण सहमत, तिच्यावर तुम्हीच धागा काढा. सुभाषितांची तक्रार मीही अर्धी मान्य करतो. नंतरच्या पुस्तकांत हा रोग वाढलाय. पण ‘समजुती विकतो’ हे नाही पटलं. ‘शेवटचं उड्डाण फ्लेमिंगोचं’ (२०००) घ्या. तिझांगारा नावाचं गाव, युद्ध संपलंय, संयुक्त राष्ट्रांचे शांतिसैनिक आलेत, आणि ते एकेक करून फुटतात. अक्षरशः फुटतात. मागे उरते निळी टोपी आणि, आता सभ्य शब्द कुठून आणू, पुरुषाचा एक अवयव. चौकशीला इटालियन अधिकारी येतो. ‘आफ्रिकेची जादू’ म्हणून वाचायला बसलेल्या युरोपियन वाचकाला लेखक शेवटी कुठे नेऊन सोडतो? भूसुरुंगांपाशी. सुरुंग काढायला परदेशी पैसा येतो, मग काढलेले सुरुंग गावचे पुढारी परत पेरतात, म्हणजे पैसा चालू राहतो. मोझांबिक सुरुंगमुक्त जाहीर व्हायला २०१५ उजाडलं. यात भूत कुठलं आणि हिशेब कुठला, तुम्हीच सांगा.

---

शेवग्याची_शेंग:

‘फ्रांजिपानी’ची मी पंखी आहे, म्हणून धावत आले.

गोष्ट सांगते, रहस्य फोडत नाही. सांव निकोलाउ नावाचा समुद्रकाठचा जुना पोर्तुगीज किल्ला, आता वृद्धाश्रम. तिथला संचालक मेलाय, तपासाला शहरातून इझिदिन नाइता नावाचा इन्स्पेक्टर आलाय. निवेदक कोण? एर्मेलिंदु मुकांगा नावाचा सुतार, जो किल्ल्यातल्या चाफ्याखाली पुरलेला आहे. मेला तेव्हा अंत्यविधी नीट झाले नाहीत, त्यामुळे धड पूर्वजही होऊ शकत नाही. सरकारला त्याला राष्ट्रवीर करायचं आहे, कारण वीर कमी पडतायत. हे टाळायला तो इन्स्पेक्टरच्या अंगात शिरतो. (सरकारी स्मारकसमितीच्या तावडीतून सुटायला मेलेल्या माणसाने पुन्हा मरायला निघणं, हे आपल्याकडे कुणाला का नाही सुचलं?)

गंमत अशी की प्रत्येक म्हातारा ‘खून मीच केला’ म्हणून कबुली देतो. तपास पुढे सरकायच्या ऐवजी कबुल्यांखाली गाडला जातो. इन्स्पेक्टर पुरावा शोधतोय आणि म्हातारे त्याला सांगतायत की इथे जुनी माणसं, जुनं जग मारलं जातंय, ते बघ.

आणि त्यात खवल्या मांजर आहे! मेलेल्या निवेदकाचा सल्लागार. आभाळातून उतरून भविष्य सांगतं अशी तिथली समजूत. मी चिपळूणची. आमच्याकडे खवल्या मांजर वाचवायचं काम चालतं, दुगवे गावाने तर त्याची पालखी नाचवली. त्यामुळे त्या प्राण्याला पुस्तकात इतका मान मिळालेला बघून फार बरं वाटलं. लेखक जीवशास्त्रज्ञ आहे हे तेव्हा माहीत नव्हतं.

---

गोळी_औषध:

अवांतर वाटेल, पण दर्यावर्दींच्या ‘खरवडलं की नोंद सापडते’ या मुद्द्यात भर.

‘तेरा सोनांबुला’तल्या तुआहीरला मुइदिंगा कुठे सापडतो आठवतंय? निर्वासितांच्या छावणीत, मेलेल्या मुलांबरोबर पुरायला नेत असताना. पोरगा अजून जिवंत आहे हे म्हाताऱ्याच्या लक्षात येतं. कारण काय, तर विषारी कसावा खाल्लेला. त्यातून उठल्यावर त्याला चालणं-बोलणं सगळं नव्याने शिकवावं लागतं, मागचं काही आठवत नाही.

बहुतेक वाचकांना ही कादंबरीची सोय वाटेल. पण कडू कसाव्यात सायनाइड तयार करणारी द्रव्यं असतात. एरवी बायका तो सोलून, भिजवून, दिवसेंदिवस उन्हात वाळवून विष काढतात. दुष्काळात किंवा युद्धात एवढा वेळ कुणाला? अर्धाकच्चा खातात, आणि सोबत डाळ-मासा असं प्रथिनाचं काही नसलं तर शरीराला विष निकामी करता येत नाही. पायांतली ताकद एका रात्रीत जाते आणि ती परत येत नाही. उत्तर मोझांबिकमध्ये नांपुला प्रांतात १९८१च्या दुष्काळात याची मोठी साथ आली होती, स्थानिक नाव ‘मांताकासा’. मुलं आणि बायका जास्त. तेव्हा कोतो वर्तमानपत्राच्या कामात होता.

मुइदिंगाची लक्षणं पाठ्यपुस्तकासारखी नाहीत, मान्य. पण ‘युद्धाने पोराला काय केलं’ हे सांगायला बंदूक न घेता कसावा घेणं, हे त्या देशात राहिलेल्या माणसालाच सुचेल.

---

मांडवीकाठ:

एवढं बोललात आणि गोंयचं नाव नाही! ‘ऊ ओत्रु पे दा सेरेया’, म्हणजे जलपरीचा दुसरा पाय, २००६ची कादंबरी. अर्धी गोष्ट सुरूच होते ती आमच्या गोव्यातून. मी पणजीत पोर्तुगीज शिकले तेव्हा मूळ वाचली, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आधी इतिहास. दों गोंसालु दा सिल्वैरा हा जेजुइट पाद्री गोव्याहून १५६०मध्ये आफ्रिकेला निघाला, मोनोमोतापा या तिथल्या राज्याच्या सम्राटाचा धर्म बदलायला. हे खरंच घडलेलं. तो गोव्यात जेजुइटांचा प्रमुख होता. सोबत मायची, म्हणजे मरियमची, प्रतिमा. असं सांगतात की पाद्रीच्या झोपडीत एक सुंदर बाई आहे अशी बातमी सम्राटापर्यंत गेली, त्याने ‘दाखव’ म्हटलं, आणि पाद्रीने ती प्रतिमा पुढे केली. सम्राट आणि त्याची आई बाप्तिस्मा घेऊन मोकळे. त्याला नाव दिलं सेबास्तियांव, तिला मारिया. काही आठवड्यांत दरबारातल्या मुसलमान व्यापाऱ्यांनी सम्राटाचे कान भरले की हा हेर आहे, आणि मार्च १५६१मध्ये सिल्वैराला रात्री मारून प्रेत नदीत टाकलं. पोर्तुगीज कवी कामोंइशच्या ‘लुझियादश’ या महाकाव्यातसुद्धा त्याचा उल्लेख आहे.

कोतोने काय केलं, तर त्या जहाजावर पाद्रीपेक्षा इतरांकडे जास्त बघितलं. निमि न्सुंदी नावाचा गुलाम, त्याला ती मूर्ती मरियम वाटतच नाही. ती त्याची पाण्याची देवी किआंदा, गोऱ्यांनी लाकडात कोंडलेली. तिला सोडवायला तो मूर्तीचा पाय कापतो! आणि दिया कुमारी, एका पोर्तुगीज बाईची हिंदू दासी. या दोघांतलं नातं हा मला पुस्तकाचा गाभा वाटतो. दोघांची देवळं वेगळी, पण दोघांनाही पाण्यातली देवी ओळखीची. आमच्या गोव्यात हे समजावून सांगावं लागत नाही. सायबीण माय (मरियम) आणि सातेरी देवी यांना बहिणी मानणारी माणसं अजून आहेत.

दुसरी अर्धी गोष्ट २००२मधली. म्वादिया नावाच्या बाईला नदीकाठी तीच पाय नसलेली मूर्ती सापडते, ती घेऊन ती विला लोंज या आपल्या गावी येते. तिचा सावत्र बाप जेसुस्तिनु रॉद्रीगिश, मूळचा गोंयकार, शिंपी, दर वाढदिवसाला स्वतःचं नाव बदलणारा. आणि गावात येतो एक काळा अमेरिकन इतिहासकार, गुलामगिरीच्या आठवणी गोळा करायला. गावाला डॉलर दिसतात. मग सगळे मिळून आठवणी बनवायला बसतात, कोण काय रडगाणं गाणार ते वाटून घेतात. मी तर हसून हसून मेले. @तिरशिंगराव, ‘आफ्रिका विकणारा’ लेखक म्हणता ना, त्याने हा आरोप स्वतःच प्रहसन करून आधी वाजवून ठेवलाय.

आणखी एक. मोझांबिकचा कारभार १७५२पर्यंत गोव्यातून चालायचा. त्यानंतरही गोंयकार कारकून, शिंपी, मास्तर, डॉक्टर तिथे जातच राहिले. आमच्या आजीचा चुलतभाऊ बैराच्या रेल्वेत होता. त्यांच्याकडून ऐकलेलं असं की गोरे त्यांना गोरे मानत नसत आणि ते काळ्यांत बसत नसत. ‘कानेकु’ अशी हेटाळणी व्हायची. जेसुस्तिनुचं दरवर्षी नाव बदलणं म्हणूनच मला नुसता विनोद वाटत नाही. आणि याच गोंयकारांत आक्विनु द ब्रागांसा निघाले, बार्देसचे, फ्रेलिमोचे आणि नंतर राष्ट्राध्यक्ष सामोरा माशेलचे सल्लागार. १९८६मध्ये माशेलबरोबर त्याच विमान अपघातात गेले.

---

काठेवाडी_पुणेकर:

सुरेंद्रबद्दल एक जोड. डिसेंबर १९६१मध्ये भारताने गोवा घेतला त्याचा सूड पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझारने मोझांबिकमधल्या हिंदी लोकांवर उगवला. भारतीय पासपोर्टवाल्यांना छावण्यांत डांबलं, दुकानं आणि पैसे गोठवले, नंतर देशाबाहेर काढलं. बहुतेक गुजराती व्यापारी. आमच्या नात्यातलं एक कुटुंब असंच हात हलवत परत आलं. गोवा सुटला म्हणून इथे पेढे वाटले जात होते तेव्हा हे लोक तारेच्या कुंपणामागे होते, ही गोष्ट आपल्या इतिहासात एका ओळीची पण नाही.

सुरेंद्रसारखे जे राहिले त्यांना स्वातंत्र्यानंतर नवीन सरकारात संशय, युद्धात लूट. ‘मोन्ये’ ही शिवी तर कायमच. सुरेंद्र आणि अस्मा ही नवराबायकोची नावं बघा. एक हिंदू, एक मुसलमान. ते जोडपं मायदेशी तरी कुठे सुखाने राहिलं असतं? कोतो ते सांगत बसत नाही. वाचताना मला मात्र तेच खुपत होतं.

---

मापुतोकर:

उशिरा पोचलो. कामानिमित्त मापुतोत असतो, हा लेखक इथे रस्त्यावर ओळखला जातो. वडिलांच्या नावाने घरच्यांनी संस्था काढली आहे, तिथे नवीन कवींची वाचनं वगैरे होतात. २०१९च्या मार्चमध्ये इदाई चक्रीवादळाने बैरा उद्ध्वस्त झालं, तेव्हा तो नेमका बैरावरच पुस्तक लिहीत होता. ते २०२०मध्ये आलं, ‘ऊ मापियादोर द आउझेंसियश’, अनुपस्थितीचे नकाशे काढणारा. त्यात वादळाच्या तोंडावर बैराला परतणारा कवी आहे, कवी बाप आहे, वसाहतीच्या पोलिसांची कागदपत्रं आहेत. स्वतःच्या घराच्या सगळ्यात जवळ जाणारं पुस्तक असेल ते.

पण इथल्या लोकांशी बोलायचं तर विषय निघतो त्याच्या तीन कादंबऱ्यांच्या सम्राटत्रयीचा (२०१५ ते २०१७). मोझांबिकच्या दक्षिणेतल्या गाझा राज्याचा शेवटचा राजा न्गुंगुन्यान, पोर्तुगीज त्याला गुंगुन्याना म्हणत. २८ डिसेंबर १८९५ला शायमिती इथे मोझिन्यु द आल्बुकेर्क या पोर्तुगीज अधिकाऱ्याने पकडला, लिस्बनमध्ये मिरवला, मग अझोरेस बेटांवर हद्दपार. तिथेच १९०६मध्ये मेला. १९८५मध्ये, स्वातंत्र्याच्या दहाव्या वर्षी, त्याचे अवशेष म्हणून समारंभाने पेटी आणली. कोरीव लाकडाची ती शवपेटी इथल्या किल्ल्यात ठेवलेली आहे, मी पाहिली आहे. लोक सांगतात की आत हाडं नाहीत, अझोरेसची माती आहे. त्रयीचं नाव म्हणूनच ‘सम्राटाची वाळू’.

आणि मुख्य निवेदक राजा नाही, पोर्तुगीज नाही. इमानी, पंधरा वर्षांची शोपी जमातीची मुलगी. शोपींना न्गुंगुन्यानच्या सैन्याने कापून काढलेलं, म्हणून त्यांनी पोर्तुगीजांशी हातमिळवणी केली. आज शाळेत तो राजा वसाहतवादाविरुद्धचा वीर म्हणून शिकवला जातो. इमानीच्या घरी विचाराल तर वेगळं ऐकायला मिळेल. तिच्या एका भावाला राजाकडून लढायचंय, दुसरा पोर्तुगीजांच्या गणवेशावर भाळलेला. माझ्या ऑफिसातल्या शोपी सहकाऱ्याने तिन्ही भाग वाचलेत, आणि त्याचं म्हणणं, हे आमच्या आज्यांकडे होतं, छापायला कुणी धजत नव्हतं. ‘गोऱ्याने लिहिलं’ याचं काय, असं विचारलं तर म्हणाला, आम्ही लिहिलं असतं तर टोळीवाद म्हणून झोडपलं असतं.

सुरेंद्रची दुकानं अजून आहेत बरं का. जुन्या शहरभागात कापुलानाची, म्हणजे इथल्या बायका कमरेला गुंडाळतात त्या छापील कापडाची, दुकानं. गल्ल्यावर गुजराती मालक, कापड फाडून देणारा मोझांबिकन नोकर. किंद्झुसारखं कुणी गप्पा मारत बसलेलं मात्र मला अजून दिसलं नाही.

---

तिरशिंगराव:

सहकाऱ्याचं उत्तर चोख आहे, घेतो.

दरम्यान तुम्हा मंडळींच्या आग्रहाखातर ‘कन्फेशन ऑफ द लायनेस’ (२०१२) संपवलं. धाग्यात कुणी घेतलं नव्हतं म्हणून मुद्दाम. २००८मध्ये कोतोच्या कंपनीने काबु देल्गादु प्रांतात खनिज तेलाच्या शोधमोहिमेवर देखरेखीसाठी पंधरा पोरं पाठवली होती, आणि त्याच भागात सिंहांनी माणसं मारायला सुरुवात केली. चार महिन्यांत वीसच्या आसपास बळी. शिकारी बोलावले गेले. हे सगळं प्रस्तावनेतच आहे. म्हणजे दर्यावर्दींची ‘नोंद’ इथे लेखकाने स्वतःच पहिल्या पानावर ठेवली आहे.

कादंबरीत कुलुमानी गाव, मेलेल्या जवळजवळ सगळ्या बाया. आळीपाळीने दोन आवाज, मारियामारचा आणि शिकारी आर्कांजुच्या डायरीचा. मारियामारची बहीण सिंहांनी नेली आहे, आणि शिकारी येतोय म्हटल्यावर बाप तिला घरात कोंडतो. सिंहापासून वाचवायला नव्हे, शिकाऱ्यापासून! हळूहळू कळत जातं की या गावात बायांना खाणारं जनावर चार पायांचंच असायला हवं असं नाही. तांदी नावाची मोलकरीण पुरुषांच्या दीक्षेच्या जागेतून चुकून जाते, त्याची तिला मिळालेली शिक्षा वाचून पुस्तक बाजूला ठेवावं लागलं. आणि गावातला एकही पुरुष तिच्या बाजूने तोंड उघडत नाही. तोंड उघडते ती प्रशासकाची बायको नाफ्तालिंदा, जिच्या लठ्ठपणावर तोवर सगळे हसत असतात.

एवढं मान्य करूनही माझी मूळ तक्रार कायम आहे. शिकाऱ्याची डायरी भिकार. तो शिकारी कमी आणि कवी जास्त. बंदूक साफ करताना, जेवताना, झोपताना सुभाषितं. मारियामार बोलते तेव्हा वाक्यं आपोआप आखूड होतात, ती काहीतरी लपवतेय हे जाणवतं. एकाच पुस्तकात एकाच माणसाने दोन्ही लिहिलंय यावर विश्वास बसत नाही. आणि सिंहीण कोण याचा शेवटी एवढा खुलासा कशाला? दोनशे पानं सूचकपणे चालवलंत, अजून दोन चालवायची.

---

शेवग्याची_शेंग:

शेवटाबद्दल असहमत. खुलासा कोण करतं ते बघा ना. ज्या बाईला पुस्तकभर कुणी काही विचारत नाही तीच बोलते. तिने गप्पच राहायला हवं होतं का?

---

तिरशिंगराव:

तिने बोलावं. पण लेखकाने तिच्या तोंडी घोषवाक्य द्यायला नको होतं. तिच्या जागी शिझियानीची बाई असती तर भांडली असती.

---

दर्यावर्दी:

आता तुम्ही ‘निकेचे’चा धागा काढल्याशिवाय सुटका नाही. @नवखा_वाचक, कुठलं आणलंत शेवटी?

---

नवखा_वाचक:

‘फ्रांजिपानी’ मागवलंय. पण वाचनालयात ‘द ट्यूनर ऑफ सायलेन्सेस’ हाती लागलं, तेच सुरू केलं. बाप दोन मुलांना घेऊन ओसाड अभयारण्यात जाऊन राहतो आणि जग संपलं म्हणून सांगतो. धाकट्याने अकराव्या वर्षापर्यंत बाईच पाहिलेली नाही. लिहायला बंदी, म्हणून तो पत्त्यांच्या पानांवर चोरून लिहितोय. तिथवर आलोय. सुभाषितं आहेत, तिरशिंगराव म्हणतात तशी. पण मुलगा बापाची भाषा उचलतोय असं वाटलं, त्यामुळे अजून तरी खटकली नाहीत. पुढचं वाचून लिहितो, तोवर कुणी रहस्य फोडू नका.